फुलेवाडी ते ताराबाई पार्क : एका स्कूल बससेवेचा वर्षभराचा अनुभव

माझी मुलगी गेल्या जूनपासून या खासगी बसने कोल्हापुरातल्या रंकाळा तलावाच्या कडेने शाळेला जाते. बस वेळेवर येते, स्वच्छ असते, खिडक्यांना आडव्या सळ्या आहेत आणि चालक गाडी बेताने हाकतो. याबद्दल माझी तक्रार नाही.

तक्रार आहे ती शेवटच्या बाकाची. दिवाळीनंतर मुलगी घरी येताना दप्तर पाठीवर न ठेवता दोन्ही हातांनी पोटाशी घट्ट धरू लागली, आणि कारण विचारले की "काही नाही" एवढेच म्हणे. आठवडाभर जवळ बसून विचारल्यावर कळले, की मोठी मुले लहानांना मागे कोंडून चिमटे काढतात आणि सोबतच्या मावशी तेव्हा पुढे मोबाईलवर असतात. कॅमेरा आहे, पण तो फक्त दरवाजाकडे पाहतो!

मालकांनी ऐकून घेतले, मावशींना मागे बसवले. मात्र आठ दिवसांत त्या पुन्हा पुढे आल्या. राज्याच्या 2011 च्या शालेय बस नियमांनुसार प्रत्येक शाळेत मुख्याध्यापकांच्या अध्यक्षतेखाली परिवहन समिती असते आणि तिच्यात पालकांचे प्रतिनिधीही असतात, म्हणून मी तिथे लेखी अर्ज दिला. त्यानंतर लहान मुलांना पुढच्या तीन रांगा मिळाल्या.

पाचपैकी तीन गुण देते. नाव नोंदवण्यापूर्वी एकदा दुपारच्या परतीच्या फेरीत स्वतः शेवटच्या बाकावर बसून पाहा.