सिम्फनी इन ब्लॅक: दहा मिनिटांत ड्यूक एलिंग्टन

पॅरामाउंटचा १९३५ सालचा हा लघुपट जेमतेम दहा मिनिटांचा आहे. अमेरिकन जॅझ संगीतकार एलिंग्टन पियानोशी बसून रचना करतो आणि त्याचा ताफा ती मंचावर वाजवतो, एवढीच कथा. चार भागांपैकी दुसऱ्यात तरुण जॅझ गायिका बिली हॉलिडे गाते, तेवढ्यासाठीही बघावा. तिसरा, शोकाचा भाग मात्र उरकल्यासारखा वाटतो.

खरी मजा पितळी वाद्यांत आहे. तुंबलेलं बेसिन मोकळं करायच्या पंपाची रबरी वाटी ट्रॉम्बोनच्या तोंडावर उघडझाप केली की सूर ‘वा-वा’ करत बोलू लागतो. ही या ताफ्याची खासियत.

ध्वनी मोनो, म्हणजे एकाच वाहिनीचा आहे, तोही फिल्मच्या कडेच्या पट्टीवरचा. साउंडबारचं ‘सराउंड’ बंद करा, नाहीतर क्लॅरिनेट आणि सॅक्सोफोनचा काला होतो. बास वाढवू नका. मूळ पट्टीवर खालचे स्वर फारसे नाहीतच, वाढते ती घरघर. खरखर जास्त वाटली तर ट्रेबल थोडा उतरवा. चित्र ४:३ ठेवा, ताणलं की वादक बुटके दिसतात.

पुण्यात त्याच काळात निघालेल्या ‘प्रभात’च्या बोलपटांनाही हीच सेटिंग चालते.