जन्मतारीख दुरुस्तीचा बनावट हुकूमनामा: इंदूरमधील एक अनुभव

दहावीच्या अंकसूचीवरील (गुणपत्रिकेवरील) जन्मतारीख दुरुस्त करून देतो, असे सांगून इंदुरात एका इसमाने माझ्या बहिणीकडून २२,००० रुपये घेतले आणि न्यायालयाचा एक बनावट हुकूमनामा तिच्या हाती ठेवला. सध्या ज्यांच्या घरी अशीच अडचण असेल, त्यांच्यासाठी ही हकीकत लिहीत आहे.

मूळ चूक किरकोळ होती. भाच्याचा जन्म ७ मार्चचा, महापालिकेच्या दाखल्यावरही तसाच. अंकसूचीवर मात्र दिवस आणि महिना यांची अदलाबदल होऊन ३ जुलै छापले गेले. पासपोर्टच्या अर्जाच्या वेळी ही तफावत उघड झाली. ओळखीतून भेटलेला हा इसम स्वतःला एका वकिलांचा सहायक म्हणवीत असे आणि अस्खलित मराठी बोलत असे. परमुलखात आपली भाषा बोलणारा माणूस भेटला की चौकशी निम्म्यावर येते, हे त्याला पक्के ठाऊक असावे. ‘ताई, तुम्हाला कोर्टात यायची गरजच नाही, सगळं मी बघतो,’ हे त्याचे पालुपद होते. मुद्रांक, परीक्षा मंडळाचे शुल्क, ‘वरचा खर्च’ अशी कारणे सांगून त्याने काही रक्कम रोख घेतली, तर काही एका तिसऱ्याच व्यक्तीच्या खात्यावर यूपीआयने मागवली.

हुकूमनामा मी पाहिला तेव्हा त्यावर गोल शिक्का आणि प्रत्येक पानावर सही होती. परंतु आदेशाची तारीख पंचांगात पाहिली तर त्या दिवशी रविवार होता. नक्कल विभागातून मिळालेल्या प्रमाणित प्रतीवर अर्ज केव्हा आला, नक्कल केव्हा तयार झाली आणि केव्हा दिली, याची नोंद असते. येथे ती जागा कोरीच होती. वर सोळा अक्षर-अंकांचा सीएनआर क्रमांक, म्हणजे प्रत्येक न्यायालयीन प्रकरणाचा स्वतंत्र ओळख क्रमांक, छापलेला होता. तो न्यायालयीन प्रकरणांची माहिती देणाऱ्या ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर टाकला, तेव्हा भलत्याच दोन पक्षकारांमधील धनादेश न वटल्याचे प्रकरण समोर आले. ही तपासणी कोणालाही घरबसल्या, विनामूल्य करता येते.

कागद न पाहताही संशय यावा अशा दोन गोष्टी होत्या. जन्मतारखेबाबत घोषणेचा दावा, म्हणजे खरी तारीख न्यायालयाने जाहीर करावी अशी मागणी, विशिष्ट अनुतोष अधिनियम (स्पेसिफिक रिलीफ ॲक्ट), १९६३ च्या कलम ३४ खाली चालतो आणि वादीला आपली बाजू पुराव्याने सिद्ध करावी लागते. येथे आईची साक्ष तर सोडाच, वकीलपत्रावर कोणाची सहीसुद्धा घेतलेली नव्हती. दुसरे असे की, त्याच कायद्याच्या कलम ३५ नुसार अशी घोषणा मुख्यतः दाव्यातील पक्षकारांवर बंधनकारक असते, आणि या हुकूमनाम्यात प्रतिवादी म्हणून फक्त शाळेचे नाव होते. अंकसूची देणारे माध्यमिक शिक्षा मंडळ त्यात कोठेच नव्हते.

हा कागद मंडळाकडे दाखल झाला नाही, हे नशीबच. भारतीय न्याय संहितेत न्यायालयीन अभिलेखाचे बनावटीकरण कलम ३३७ खाली येते, आणि बनावट दस्तऐवज खरा म्हणून वापरणे हा कलम ३४० खालील गुन्हा आहे. म्हणजे तो सादर करणाऱ्या भाच्यालाच आधी उत्तरे द्यावी लागली असती.

अधिक चीड आणणारी गोष्ट नंतर कळली. शाळेतील दाखल-खारीज नोंदवहीत, म्हणजे विद्यार्थ्यांच्या प्रवेशाच्या आणि शाळा सोडल्याच्या नोंदवहीत, भाच्याची तारीख प्रवेशापासून ७ मार्चच आहे. चूक पुढे मंडळाकडे माहिती पाठवताना झाली. केंद्रीय माध्यमिक शिक्षण मंडळाविरुद्धच्या जिग्या यादव प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये म्हटले आहे की, शाळेच्या नोंदीशी जुळणारी दुरुस्ती मागितली असेल तर ती नाकारण्याचे कारण नाही. तो निकाल दुसऱ्या मंडळाबाबतचा असला तरी त्यातील तर्क उपयोगी आहे. आम्ही आता नोंदवहीचा प्रमाणित उतारा आणि जन्मदाखला जोडून शाळेमार्फत अर्ज केला आहे. शाळेच्या मूळ नोंदीतच तारीख चुकलेली असेल, तर मात्र प्रकरण अवघड होते आणि स्वतः निवडलेल्या, सनद तपासलेल्या वकिलाकडे जाणे भाग पडते. नोटरीचे शपथपत्र किंवा वर्तमानपत्रातील जाहिरात एवढ्याने ती नोंद बदलत नाही.

पोलिसांकडे तक्रार दिली आहे. यूपीआयच्या नोंदी, मोबाइलवरील संदेश आणि मूळ बनावट कागद सोबत जोडला आहे; रोख दिलेल्या रकमेची पावती नसल्यामुळे तेवढ्या भागाला बहिणीच्या जबाबाचाच आधार आहे.