तिरंग्याला पाच स्टार, बाकीच्या झेंड्यांना दोनच

मुलीच्या शाळेत देशोदेशीच्या झेंड्यांचं प्रदर्शन होतं म्हणून क्रॉफर्ड मार्केटच्या मागच्या गल्लीतून टेबलावर ठेवायचे २० झेंडे घेतले, आणि १५ ऑगस्ट जवळ आलाय तर सोसायटीसाठी खादीचा तिरंगा पण घेऊन टाकला. दुकानाचं नाव देत नाही, काका माणूस म्हणून चांगले आहेत.

तिरंगा एक नंबर. ९०० बाय ६०० मिमीचा, या साइझला चक्र १८५ मिमीचं लागतं, घरी पट्टी लावून मोजलं (नवरा हसत होता), बरोबर भरलं. आरे पण २४ च्या २४. हसू नका, गेल्या वर्षी सिग्नलवर घेतलेल्यात २१ च होते! २०२१ च्या शेवटी नियम बदलला तेव्हापासून पॉलिस्टरचा पण चालतो आणि स्वस्त पडतो, पण खादीचा पोत वेगळाच ना. फक्त आपल्या ऑगस्टच्या पावसात खादी भिजली की दांड्याला चिकटून बसते, फडकत नाही, ते मनात धरून घ्या.

आता बाकीचे. नेपाळचा झेंडा म्हणजे एकावर एक दोन त्रिकोण, जगात एकाच देशाचा असा चौकट नसलेला, तर यांनी तो पांढऱ्या आयतावर छापून दिलाय. स्वित्झर्लंड चौरस असतो, तो ताणून लांबट केलाय. आयर्लंडची तर कमालच, हिरवा काडीकडे पाहिजे तो नारिंगी आलाय, म्हणजे सरळ आयव्हरी कोस्ट झाला. काका म्हणतात ताई उलट बाजूने बघा, आयर्लंडच आहे. अहो काका, कुठूनही बघितलं तरी काडीजवळचा रंग काडीजवळच राहणार ना. आणि तिथे हिरवा कॅथलिकांचा, नारिंगी प्रोटेस्टंटांचा, मधला पांढरा दोघांत शांतता म्हणून, असं आहे ते, मुलीने तक्त्यावर सगळं लिहून ठेवलेलं.

एका बाबतीत मात्र मीच तोंडावर पडले. वर लाल खाली पांढरा असे दोन झेंडे निघाले म्हणून डुप्लिकेट टाकलात म्हणून भांडले, तर एक इंडोनेशिया, दुसरा मोनॅको. रंग तेच, फक्त मोनॅकोचा जरा चौकोनीकडे झुकलेला असतो, पण या सेटमध्ये सगळे एकाच मापाचे, कळणार कसं? उलटा केला की पोलंड, तो पण सेटमध्ये आहेच.

आयर्लंड काकांनी कुरकुरत का होईना बदलून दिला. नेपाळ मीच कात्रीने कापला, एक टोक जरा वाकडं गेलंय.