सहकार न्यायालयात निवडणूक वाद: सेवा कशी आहे, कुठे अडते

संचालक मंडळाच्या निवडणुकीचा वाद महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम ९१ खाली सहकार न्यायालयात जातो. गृहनिर्माण संस्था आणि पतसंस्थांच्या सभासदांच्या नजरेने पाहिले, तर न्यायालयाची सेवा चांगली आहे. पुरावा नीट घेतला जातो, दोन्ही बाजू ऐकल्या जातात. तरीही बरेच दावे दाखल होतानाच कमकुवत असतात, कारण निवडणूक चालू असताना जे कागद हातात यायला हवे होते ते कुणी मागितलेलेच नसतात.

सगळ्यात वेगवान सोय न्यायालयाबाहेर आहे. नामनिर्देशनपत्र फेटाळले गेले की कलम १५२-अ खाली तीन दिवसांत सहकार खात्याच्या निबंधकाकडे अपील करता येते आणि त्याचा निकाल दहा दिवसांत द्यायचा असतो. अख्ख्या व्यवस्थेत इतकी चोख मुदत दुसरीकडे दिसत नाही. तीन दिवस फेटाळल्याच्या तारखेपासून मोजले जातात, म्हणून छाननीच्या टेबलावरूनच आदेशाची प्रत मागायची. तोंडी सांगितले असेल तर लेखी अर्ज देऊन त्याच्या स्थळप्रतीवर (आपल्याकडे राहणाऱ्या प्रतीवर) आवक क्रमांक, तारीख आणि सही घ्यायची. ही एक स्थळप्रत पुढे वकिलाच्या दहा पानांपेक्षा जास्त कामाला येते.

फेटाळण्याचे नेहमीचे कारण थकबाकी, आणि इथेच चुका जास्त होतात. गृहनिर्माण संस्थेत खात्यावर नुसती बाकी दिसली म्हणून सभासद थकबाकीदार ठरत नाही. बिल किंवा मागणीची नोटीस बजावल्यानंतर तीन महिन्यांत भरणा झाला नाही, हे दाखवावे लागते. संस्थेकडे नोटीस बजावल्याचा पुरावा आहे का, हाच पहिला प्रश्न. उमेदवाराने बँकेतून भरणा केला असेल तर पावती, खात्याचा उतारा आणि संस्थेचा बेबाकी दाखला तिन्ही अर्जालाच जोडावेत. सूचक-अनुमोदकाची सही न जुळणे, राखीव जागेसाठी जातीचा दाखला नसणे, ही बाकीची कारणे. ती अर्ज भरतानाच टाळता येतात.

मतदार यादीत नाव नाही म्हणून थेट उच्च न्यायालय गाठणाऱ्यांची निराशा ठरलेली. सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये श्री संत सद्गुरू जनार्दन स्वामी सहकारी दूध उत्पादक संस्थेच्या प्रकरणात मतदार यादी तयार करणे हा निवडणूक प्रक्रियेचाच टप्पा मानला. प्रक्रिया सुरू झाल्यावर उच्च न्यायालयाने मध्ये पडू नये, असे सांगितले. त्यामुळे प्रारूप यादीवर मुदतीत लेखी हरकत घेणे हाच खरा उपाय. हरकत न घेता निकालानंतर यादीवर बोट ठेवले, तर समोरचा वकील पहिला प्रश्न हाच विचारतो की तेव्हा गप्प का होता.

निकालानंतरच्या दाव्याची मुदत कलम ९२ ठरवते आणि ती वर्षांत नाही, महिन्यांत मोजायची असते. निकाल जाहीर झाल्याची तारीख लिहून ठेवा आणि त्याच आठवड्यात वकील गाठा. दाव्यात संस्थेबरोबर ज्याची निवड रद्द हवी त्या विजयी उमेदवारालाही पक्षकार करावे लागते. त्याला वगळून त्याची खुर्ची काढून घेता येत नाही.

मुख्य कस लागतो तो निकालावर परिणाम झाला का यावर. समजा फरक अकरा मतांचा आहे आणि चारच अपात्र सभासदांनी मतदान केल्याचे सिद्ध झाले. चारही मते विजयी उमेदवाराची धरून वजा केली, तरी तो सातने पुढे राहतो. असा दावा लढवण्यात अर्थ नाही, आणि चांगला वकील हे पहिल्याच भेटीत सांगतो. "मोठ्या प्रमाणात बोगस मतदान झाले" एवढ्या वाक्यावर फेरमोजणीही मिळत नाही. कोणत्या टेबलावर, कोणत्या फेरीत, किती मतपत्रिका, कोणत्या कारणाने बाद केल्या, हे आकड्यांनिशी लिहावे लागते. मोजणी प्रतिनिधीने तिथेच टिपण केले असेल आणि निकाल जाहीर होण्याआधी फेरमोजणीचा लेखी अर्ज दिला असेल, तर दाव्याला पाय असतात.

सेवेची खरी उणीव वेळ. निवडून आलेल्या संचालक मंडळाची मुदत पाच वर्षांची असते आणि तारखा, शपथपत्रे, उलटतपासणी यांत तिचा मोठा भाग निघून जातो. कलम ९५ खाली अंतरिम आदेश मागता येतो, पण निवडून आलेल्यांना पदभार घेण्यापासून रोखणारा आदेश सहसा मिळत नाही. मतपत्रिका आणि नोंदी जपून ठेवण्याचा आदेश मात्र पहिल्याच तारखेला मागावा. त्याला नकार देणे कठीण असते. न्यायालयाचा निकाल विरोधात गेला तर कलम ९७ खाली दोन महिन्यांत सहकार अपील न्यायालयात जाता येते.

२५० पर्यंत सभासद असलेल्या गृहनिर्माण संस्था निवडणूक स्वतःच घेतात, तिथे मतपत्रिका आणि नोंदी जपण्याचा आदेश जास्तच गरजेचा. मतपेटी, मतदार यादीची सह्या असलेली प्रत आणि मोजणीचा तक्ता बहुधा संस्थेच्याच कपाटात राहतो, आणि निकालानंतर त्या कपाटाची किल्ली जिंकलेल्यांकडे जाते. मोजणी संपताच पाकिटावर दोन्ही बाजूंच्या सह्या घेऊन लाखेचे सील लावावे आणि त्या सीलची नोंद इतिवृत्तात करून घ्यावी.