मेंढ्या हाकण्याच्या स्पर्धेसाठी पिल्लू: कॉली, मुधोळ की धनगरी?

ब्रिटनमध्ये १८७३पासून चालत आलेल्या या स्पर्धांत नेहमीची गुणविभागणी १००ची असते: लांबून वळसा २०, मेंढ्या उठवणं १०, आणणं २०, दूर हाकणं ३०, वेगळ्या काढणं १०, वाड्यात घालणं १०. विनाकारण चावा घेणारा कुत्रा बाद होतो. पिल्लू निवडायचं ते यावरून.

मुधोळ कुत्रा आपल्या बेळगावच्या शेजारचा. उन्हाला काटक, शर्यतीला उत्तम. पण तो नजरेनं शिकार धरणारा. मेंढी पळाली की हाक मारून तो थांबेल याचा भरवसा नाही. धनगरी कुत्रा राखणीला सोन्यासारखा, मात्र कळपातच वाढल्यामुळे मेंढ्या त्याला बुजत नाहीत, म्हणून त्याच्यापुढे हलतही नाहीत. दोघांनाही या कामाला जुंपू नये.

राहिली बॉर्डर कॉली. दबकून, नजर रोखून मेंढ्या हलवणं तिच्या रक्तातच आहे. अडचण उन्हाची. बेळगाव, खानापूरला निभावतं; अथणी-रायबागकडे मार्च ते मे सूर्य वर यायच्या आत सराव संपवा. चाल लडखडली, जीभ रुंद होऊन लोंबली तर तिथेच थांबून पोट आणि जांघा साध्या पाण्यानं भिजवा, वारा घाला आणि डॉक्टर गाठा.

साधारण ८ ते १२ महिन्यांची, मेंढीला वळसा घालून पुढे जाण्याइतकी वेगवान झाली की सुरुवात करा. १५-२० मीटर रुंदीचं गोल कुंपण, कुत्र्याला सरावलेल्या ५-६ दख्खनी मेंढ्या. धनगरी जाळीचं कुंपण नको, दचकलेल्या मेंढीचे पाय त्यात अडकतात. आधी ५ मिनिटं, मग १०. तुम्ही मेंढ्यांच्या अलीकडे, कुत्रा पलीकडे, हा तोल सांभाळा. कुत्रा मधूनच घुसतो तो बहुतेक वेळा मालक चुकीच्या जागी उभा असल्यामुळे. वळसा ५० मीटरवर गोल येईपर्यंत अंतर वाढवू नका. घाई केली की कुत्रा मालक आणि मेंढ्यांमधली सरळ रेष ओलांडायला शिकतो, आणि स्पर्धेत तिथेच गुण जातात.

सीमाभागात एक काळजी जास्त घ्यावी लागते. एकानं मराठीत ‘बस’ आणि दुसऱ्यानं त्याच अर्थी कानडीत ‘कूडु’ म्हटलं तर पिल्लू गोंधळतं. शब्द एकाच भाषेतले ठरवा, पुढे शिट्टीवर आणा.

रोज पहाटे वेळ देणारं एकच माणूस घरात नसेल तर कॉली घेऊ नका. आणि घेतलीत तर मेंढ्यांना जंतासाठी देतात ते आयव्हरमेक्टिन तिला परस्पर टोचू नका. काही कॉलींना जनुकीय दोषामुळे ते मेंदूपर्यंत चढतं आणि जीवघेणं ठरतं.