बासिलाश्विलीचे सिनेमे दादरला दाखवतायत, जावं का?

जा. पण खाऊन जा, कारण खाली कँटीन आहे म्हणून सांगतात आणि ते बंद असतं.

दादर वेस्टला एक फिल्म क्लब आहे, नाव देत नाही कारण पुढे थोडी तक्रार पण करणारे. त्यांनी रशियन नट ओलेग बासिलाश्विलीच्या तीन सिनेमांचा कार्यक्रम ठेवलाय. आपल्याकडे हा माणूस फारसा कोणाला माहीत नाही. 1934 चा जन्म, मॉस्को आर्ट थिएटरच्या शाळेत शिकलेला, आणि 1959 पासून लेनिनग्राडच्या बोल्शोई ड्रामा थिएटरमध्ये, दिग्दर्शक तोव्स्तोनोगोवच्या हाताखाली. म्हणजे मूळचा नाटकवालाच. शिवाजी मंदिरला नाटकं बघत मोठे झालेल्यांना असा नट लगेच कळतो, वाक्य संपल्यावरही तो सीन सोडत नाही.

क्लबवाल्यांनी सिनेमांचा क्रम मात्र भारी लावलाय, त्याचे पूर्ण मार्क. आधी 'ऑफिस रोमान्स' (1977). त्यात हा सामोख्वालोव, गोड बोलणारा, सुटाबुटातला नवा साहेब. ऑफिसातली एक जुनी मैत्रीण त्याला प्रेमपत्रं लिहिते आणि हा बाबा ती चक्क युनियनकडे नेऊन देतो! आणि देतानाही चेहऱ्यावर कुठे दुष्टपणा नाही, नुसती अडचण. जणू चुकून आपल्या नावावर आलेलं पार्सल परत करतोय. माझ्या शेजारच्या काकू "मेल्या" म्हणाल्या, जोरात.

आणि लगेच 'ऑटम मॅरेथॉन' (1979). तोच चेहरा, पण आता बुझीकिन, भाषांतर करणारा प्रोफेसर, कोणालाच नाही म्हणता येत नाही. बायको आहे, दुसरी बाई आहे, डॅनिश पाहुणा सकाळी पळायला घेऊन जातो, शेजारी येऊन वोडका पाजतो, वर सहकारी बाईचं भाषांतरही हाच सुधारून देतो. एका माणसाशी हात मिळवणार नाही म्हणून आधी बाता मारतो, आणि तो समोर आला की याचा हात आपोआप पुढे! एवढ्याशा सीनमध्ये अख्खा माणूस कळतो. बायकोला फसवणाऱ्या माणसाची दया यावी हे मला पटत नव्हतं, पण आली, काय करणार. दिग्दर्शक दानेलियाचा सिनेमा, स्पेनच्या सान सेबास्तियान महोत्सवात मुख्य बक्षीस मिळालं होतं.

तिसरा 'स्टेशन फॉर टू', यात तो पियानोवादक, बायकोने केलेल्या अपघाताचा आळ स्वतःवर घेतलेला. गाडी चुकते, स्टेशनच्या कँटीनमधल्या वेट्रेसशी भांडण होतं, आणि मग हा बाजारात खरबुजं विकायला उभा. ल्युदमिला गुर्चेन्को त्याच्यासमोर जबरदस्त. थोडा लांबलाय, पण चालतं.

त्याची नाटकं अर्थातच इथे दिसणार नाहीत. 'एका घोड्याची गोष्ट' मध्ये तो राजपुत्र होता, घोडा झाला होता लेबेदेव, आणि नंतर 'अंकल वान्या'. माझ्या मते तेच खरं काम, सिनेमे त्याची सावली. म्हणून क्लबने निदान सुरुवातीला पाच मिनिटं बोलायला हवं होतं ना राव! नुसतं लाईट बंद करून चालू केलं. सत्तरी गाठल्यावर 2005 च्या 'मास्टर अँड मार्गारिटा' मालिकेत तो सैतान वोलांड झाला, हे पण कोणी सांगितलं नाही.

बाकी व्यवस्था यथातथा. सबटायटल इंग्रजी, बारीक, आणि पुढच्याचं डोकं आलं की खालची ओळ गायब. मागे एक आजोबा सारखे विचारत होते, "अहो काय म्हणाला तो?" मराठीत एक पान छापून दिलं असतं तर काय बिघडलं असतं? एसी कडक, शाल न्या. तिकीट मात्र इतकं कमी की बोलायची सोय नाही.

ज्यांना दादर लांब पडतं त्यांनी मोसफिल्म या रशियन स्टुडिओचं यूट्यूब चॅनल बघा, जुने सिनेमे फुकट आहेत. पण सामोख्वालोवला शिव्या घालायला सोबत लागते, म्हणून शक्यतो हॉलमध्येच, दुसऱ्या-तिसऱ्या रांगेत कडेची खुर्ची पकडून.