कोल्हापूरच्या राजारामपुरीतला सापेक्षतेचा वर्ग

नववीतल्या लेकीसोबत मीही मागच्या बाकावर बसते. सापेक्षता, म्हणजे पाहणारा बदलला की मोजमापही बदलतं, हे शिकवताना सर सूत्रं फेकत नाहीत. धावत्या कोयना एक्स्प्रेसमध्ये चेंडू वर उडवला, तर डब्यातल्याला तो सरळ वर-खाली दिसतो, फलाटावरच्याला कमानीत, दोघंही बरोबर! प्रकाशाचा वेग मात्र दोघांनाही सारखाच, सेकंदाला सुमारे 3 लाख किलोमीटर. 1905 मध्ये आइन्स्टाईननं हेच धरून ठेवलं आणि वेळ प्रत्येकाची वेगळी ठरली.

जीपीएसचं गणित तर लई भारी: उपग्रहावरचं घड्याळ वेगामुळं दिवसाला 7 मायक्रोसेकंद (सेकंदाचे दहा लाखावे भाग) मागं पडतं, आणि तिथं उंचावर गुरुत्व कमी म्हणून 45 पुढं जातं. वजाबाकी करून उरलेले हे 38 दुरुस्त केले नाहीत तर मोबाईलवरचा नकाशा कैक किलोमीटर चुकेल. गुरुत्वाचा भाग घाईत उरकला, त्याला वेगळा तास हवाच. खोली कोंदट, फी वाजवी. पोरांना जरूर घाला.